सपत्नीक सहल

पौर्णिमा सरोदेला शाळेत सगळे सहलवाल्या मॅडम म्हणत. अकोल्याहून मूर्तिजापूरकडे जाताना एका गावात जिल्हा परिषदेची शाळा आहे. तिथं ती एकोणीस वर्षं भूगोल शिकवत होती, आणि त्या एकोणीस वर्षांत शाळेची एकही सहल दुसऱ्या कोणी काढली नव्हती. पालकांची संमतिपत्रं, एसटीचं बुकिंग, उलटी होणाऱ्या मुलांची वेगळी यादी आणि त्यांच्यासाठी खिडकीजवळच्या जागा, कोणत्या मुक्कामी खिचडी वेळेवर मिळते आणि कोणत्या धबधब्याजवळ मुलींसाठी बाथरूमची सोय नाही, हे सगळं तिच्या डोक्यात पक्कं असे. चिखलदऱ्याला ती चौदा वेळा गेली होती. चौदाही वेळा दरीपेक्षा तिनं कठड्याजवळची मुलांची डोकीच जास्त पाहिली.

नवऱ्याबरोबर मात्र ती कुठंच गेली नव्हती. नितेशचं अकोल्यात कृषी सेवा केंद्र होतं. उन्हाळ्यात खरिपाची तयारी, पावसाळ्यात ऐन हंगाम, दिवाळीला हरभऱ्याचं बियाणं आणि हिवाळ्यात कंपन्यांच्या मीटिंगा. लग्नानंतरची पहिली दोन-तीन वर्षं तिनं विचारून पाहिलं. मग मुलगी झाली, आकांक्षा. ती शाळेत गेली, मोठी झाली, पुण्याला इंजिनिअरिंगला गेली, आणि विचारायचं राहूनच गेलं. आपला माणूस दुकानाला बांधलेला आहे, हे पौर्णिमानं मनाशी मान्य करून टाकलं होतं.

त्या वर्षी फेब्रुवारीत बियाण्याच्या एका कंपनीनं डीलर लोकांना आठ दिवस हैदराबाद, म्हैसूर आणि बंगळूरला नेलं. नितेश म्हणाला, ट्रेनिंग आहे, फक्त डीलर लोक आहेत. बॅग तिनंच भरून दिली. ॲसिडिटीच्या गोळ्या वरच्या कप्प्यात ठेवल्या, बाहेरचं तिखट त्याला सोसत नाही म्हणून मुरमुऱ्याचा चिवडा दिला. परत येताना त्यानं तिच्यासाठी मोत्यांचा सेट आणि चंदनाच्या साबणाचा डबा आणला. साबण तिनं पाहुण्यांसाठी जपून ठेवला.

मे महिन्यात वरूडला शाळेतल्या एका बाईंच्या मुलीचं लग्न होतं. पौर्णिमा एकटीच गेली, गळ्यात तो मोत्यांचा सेट घालून. जेवणं आटोपली तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं. बस यायला वेळ होता आणि किशोरचं दुकान स्टँडजवळच होतं. किशोर म्हणजे नितेशचा जुना दोस्त, त्याच धंद्यातला. घरी येणं-जाणं होतं. घोटभर पाणी प्यावं म्हणून ती दुकानात शिरली. किशोर एका शेतकऱ्याला संत्र्यावरच्या फवारणीचं समजावून सांगत होता. त्यानं हातानंच खुर्ची दाखवली.

समोरच्या भिंतीवर हातभर लांबीचा फोटो टांगला होता. मागं म्हैसूरचा राजवाडा, पुढं आठ जोडपी, आणि वर कंपनीचा फलक: सपत्नीक सहल. डावीकडून तिसरा नितेश. त्याच्या शेजारी पिवळ्या ड्रेसमधली, पस्तिशीच्या आत-बाहेरची एक बाई, केस मोकळे, मान त्याच्याकडं किंचित कललेली. सगळ्यांच्या गळ्यात फितीला लावलेले नावाचे बिल्ले होते.

पौर्णिमानं मोबाइल काढून फोटोचा फोटो घेतला. किशोरनं ते पाहिलं आणि त्याचं फवारणीचं बोलणं अर्ध्यावर थांबलं. तो कंपनीबद्दल, जागा भरण्याबद्दल काहीतरी पुटपुटायला लागला. फोटो चांगला आला आहे, असं म्हणून तिनं पाणी संपवलं, ग्लास काउंटरवर ठेवला आणि ती बाहेर पडली.

मोर्शीच्या पुढं बसमध्ये खिडकीजवळ जागा मिळाली तेव्हा तिनं तो फोटो मोठा करून पाहिला. बिल्ल्यावर छापलं होतं: सौ. पौर्णिमा नि. सरोदे.

तिच्या सर्व्हिस बुकात तिचं नाव आजही ‘पोर्णिमा’ असं चुकीचं लिहिलेलं होतं. दोनदा अर्ज करूनही कोणी दुरुस्त केलं नव्हतं. इथं मात्र अक्षर न् अक्षर बरोबर होतं. म्हणजे कोणीतरी नीट सांगून, नीट लिहून दिलं होतं.

अमरावती येईपर्यंत ती रडली नाही आणि पुढं अकोल्यापर्यंतही नाही. नुसती बाई असती तर काय करायचं ते तिला ठाऊक होतं. भांडण झालं असतं, ती रिद्धपूरला माहेरी निघून गेली असती, दोन्हीकडची चार मोठी माणसं बसली असती. पण इथं तिचं नाव चोरलं होतं. आठ दिवस सात जोडप्यांनी त्या बाईला पौर्णिमावहिनी म्हणून हाक मारली होती. त्या जोडप्यांतली निम्मी तिच्या घरी जेवून गेलेली. किशोरची बायको ललिता तर एप्रिलमध्ये दाताच्या दवाखान्यासाठी अकोल्याला आली तेव्हा तिच्याच घरी राहिली होती. पौर्णिमानं तिला मऊ भात करून वाढला होता आणि ती मान खाली घालून जेवली होती. दात दुखतो म्हणून बोलत नसेल, असं तेव्हा वाटलं होतं.

बडनेऱ्याच्या पुढं कधीतरी तिचं ठरलं. माझ्या नावानं ती जिथं-जिथं गेली, तिथं-तिथं मी जाणार. त्याच क्रमानं, त्याच माणसाबरोबर.

घरी आल्यावर तिनं लग्न कसं झालं ते सांगितलं, आणि बोलता बोलता हेही सांगितलं की किशोरच्या दुकानातल्या राजवाड्याच्या फोटोचा आपण मुलांना दाखवायला फोटो घेतला, माणसं काही नीट दिसली नाहीत. नितेश टीव्ही पाहत होता. त्याच्या खांद्यांवरचा ताण उतरलेला तिला पाठीमागून दिसला. म्हणजे किशोरचा फोन येऊन गेला होता, आणि आता नितेशला वाटलं की किशोरच उगाच घाबरला.

जूनमध्ये शाळा सुरू व्हायच्या आधी ती पुन्हा वरूडला गेली, किशोर दुकानात असेल अशी वेळ साधून थेट घरी. ललितानं दार उघडलं आणि तिचा चेहराच पडला. ती आत पळाली, पाणी घेऊन आली आणि पदर डोळ्यांना लावून बसली. म्हणाली, आमी साऱ्याच होतो वहिनी, पण कोणी काही बोललो नाही. माणसं म्हणाली, दुसऱ्याच्या संसारात कशाले पडता.

पौर्णिमानं पर्समधून वही-पेन काढलं.

“मले सगळं सांगा, ललिताताई. कोणत्या दिवशी कुठी गेल्ते, कुठी राह्यले, काय खाल्लं. अन् रडू नका. मी लिहून घेऊन राहिली.”

ललितानं आधी कंपनीनं दिलेलं सहलीचं छापील पुस्तक आणून दिलं. त्यात हॉटेलांची नावं होती, वेळा होत्या. मग जे पुस्तकात नव्हतं ते विचारून विचारून पौर्णिमानं काढून घेतलं. हैदराबादला फिल्म सिटीच्या बसमध्ये दोघं मागच्या बाकावर बसले होते. म्हैसूरला दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे जुन्या बाजारातल्या एका खानावळीत लोण्याचा डोसा खायला गेले, तिथं ती म्हणाली की असा डोसा जन्मात खाल्ला नाही, आणि नितेशभाऊंनी तिच्यासाठी दुसरा मागवला. बंगळूरच्या पार्कमध्ये ती मोठ्या पाळण्याला घाबरली, मग दोघं खालीच बसून राहिले. त्या सहलीचा मोबाइलवर एक ग्रुपही होता. अजून होता. त्यात त्या बाईचा नंबरही होता. ती कोण, कुठली, हे ललिता सांगायला लागली तेव्हा पौर्णिमानं वही मिटली. तेवढं नको, म्हणाली.

मग तिनं सहल आखायला घेतली. इतक्या निगुतीनं तिनं शाळेचीही सहल कधी आखली नव्हती. दिवाळीच्या सुटीत लग्नाला बावीस वर्षं होत होती, म्हणून जोडीनं दक्षिणेकडं जाऊ, असं तिनं जुलैत जेवताना जाहीर केलं. खर्च माझ्या पगारातून, म्हणाली. नितेशला नाही म्हणायला जागा नव्हती. हैदराबादचं नाव काढलं तेव्हा तो म्हणाला, चालते, बिर्याणी खाऊ. त्याला वाटलं, हैदराबादला तर सारेच जातात.

पंधरा दिवसांनी तिनं म्हैसूर सांगितलं. तो म्हणाला, गोव्याला जाऊ, समुद्र पाहू. ती म्हणाली, हैदराबादहून म्हैसूरची तिकिटं काढून झाली. ऑगस्टमध्ये पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तिनं बंगळूर सांगितलं आणि पार्कचा व्हिडिओ दाखवला. या वयात पाळण्यात बसाचं का, असं तो हसत म्हणाला, पण हसू ओठांच्या पुढं गेलं नाही.

सप्टेंबरमध्ये तिनं म्हैसूरच्या हॉटेलचं नाव सांगितलं. नितेश वरणात पोळी बुडवत होता. दुसरं पाहा, हे बरं नाही, असं तो म्हणाला, आणि बोलून गेल्यावर त्याला कळलं की आपण काय बोललो. तिनं वर न पाहता विचारलं, तुमाले काय माहीत बरं नाही ते? तो म्हणाला, कोणीतरी सांगत होतं.

तिला सगळं माहीत आहे, हे त्या दिवशी त्याला कळलं. आणि त्याला कळलं आहे हे तिलाही कळलं. त्यानंतरचे दीड महिने पौर्णिमाच्या आयुष्यातले सगळ्यात चवीचे दिवस होते. हे तिनं पुढं आकांक्षालाही न लाजता सांगितलं. रोज जेवताना ती वहीतली एकच ओळ वाचायची. सोमवारी फिल्म सिटीची बस, मागची सीट मिळते का पाहते. मंगळवारी लोण्याचा डोसा, एकानं भागणार नाही, दोन मागवू. बोलायची ती शांतपणे, वर्गात नकाशा दाखवावा तशी. नितेशचं जेवण कमी झालं. दुकानात बियाण्याचा वाण चुकीचा देऊन बसला. गल्लीतले लोक विचारायला लागले, शुगर तपासली का.

दोनदा त्यानं सांगून टाकायचा प्रयत्न केला. पहिल्यांदा ती ओट्याशी मेथी निवडत होती. तो दारात उभा राहून म्हणाला, मले तुले काही सांगाचं हाय. ती म्हणाली, आधी बंगळूरचं बुकिंग होऊ द्या. दुसऱ्यांदा तो खुर्ची ओढून समोरच बसला, डोळ्यांत पाणी होतं.

“पौर्णिमा, ऐकून तर घे. मी चुकलो.”

“आठ दिवसांचा कार्यक्रम हाय. त्यात तुमच्या बोलण्याले वेळ ठेवला नाही मी.”

सांगून मोकळं व्हावं, रडावं, पाया पडावं, ती महिनाभर अबोला धरेल आणि मग गाडी रुळावर येईल, असा त्याचा हिशोब होता. तो तिला दिसत होता, आणि ते मोकळं होणंच तिला त्याला द्यायचं नव्हतं.

लक्ष्मीपूजन झालं, भाऊबीज झाली, आणि दोघं निघाले. अकोला स्टेशनवर त्याचा धाकटा भाऊ सहदेव सोडायला आला होता. वहिनी-दादाची जोडी पहिल्यांदा बाहेर पडून राहिली म्हणून त्यानं दोघांना हार घातले. नितेशनं आपला हार डब्यात शिरायच्या आधीच काढला. तिनं हैदराबादपर्यंत घातला.

हैदराबादला तिनं काही सोडलं नाही. चारमिनार झाला, संग्रहालय झालं, जुन्या भागातली बिर्याणी झाली. फिल्म सिटीच्या बसमध्ये तिनं मागचा बाक धरला आणि शेजारची जागा थोपटून दाखवली. तो बसला. तिनं खोट्या राजवाड्यांचे, खोट्या रेल्वे स्टेशनचे फोटो काढले आणि दुपारी छोले-पुरी पोटभर खाल्ली. म्हैसूरच्या खानावळीत डोसा आला तेव्हा ती त्याचा पहिला घास खाली जाईपर्यंत पाहत राहिली. डोसा खरंच चांगला होता. त्याचं तिला वाईट वाटलं. वाईट निघाला असता तर बरं झालं असतं, असं तिला वाटून गेलं, कारण त्या बाईनं चांगलं म्हटलेली वस्तू आपल्यालाही आवडावी हे तिला सोसवत नव्हतं.

मग राजवाडा. तिनं पिवळीच साडी नेसली होती. सहलीत मुलांसाठी करतात तसा आपल्या नावाचा एक बिल्ला तिनं शाळेजवळच्या झेरॉक्सवाल्याकडून करून आणला होता. तो तिनं गळ्यात घातला. फोटोतली जागा शोधायला तिला फार वेळ लागला नाही, मागचा घुमट आणि दिव्याचा खांब जुळवून तिनं नितेशला उभं केलं आणि तिथल्या एका फोटोवाल्याला तिच्या मोबाइलवर फोटो काढायला सांगितला. फोटो तिनं नितेशला पाठवला. मग म्हणाली, तुमचा फोन काढा.

तो म्हणाला, काहून?

“तो सहलीचा ग्रुप हाय ना. त्यात टाका. अन् खाली लिहा: ही माझी पत्नी, सौ. पौर्णिमा.”

आजूबाजूला शाळेची मुलं रांगेनं चालली होती, त्यांच्या बाई शिट्टी वाजवत होत्या. नितेश म्हणाला, धंदा हाय माझा, या लोकाईत रोज बसणं-उठणं हाय, तू पाहिजे तं मले मार, पण हे नको. ती म्हणाली की मी टाकू शकते, फोनचं कुलूप आकांक्षाच्या जन्मतारखेनं उघडते हे मले माहीत हाय. पण तिचं नाव त्यानं लिहून दिलं होतं, तर आता त्यानंच लिहायचं होतं.

त्यानं लिहिलं. दोनदा चुकलं, पुसून पुन्हा लिहावं लागलं. तिनं फोन हातात घेऊन पौर्णिमामधला औ तपासला आणि त्याला परत दिला. पाठवा, म्हणाली.

फोटो गेला. खाली किती जणांनी पाहिलं ते दिसत होतं: पाच, नऊ, बारा. कोणी काही लिहिलं नाही. आठ महिने रोज सकाळी तिथं फुलं आणि सुविचार पडत होते, त्या दिवशी सगळे गप्प झाले. साताठ मिनिटांनी एक ओळ उमटली, एका नंबरनं ग्रुप सोडला. किशोरच्या फोनवर त्या नंबरपुढं ‘पौर्णिमावहिनी अकोला’ असं नाव दिसत होतं, हे ललितानं तिला मागाहून सांगितलं.

त्या संध्याकाळी हॉटेलात नितेश फार रडला. या वेळी तिनं त्याला बोलू दिलं, पण स्वतः टीव्ही लावून बसली. त्या बाईशी आता काही नाही, मार्चमध्येच संपलं, असं तो सांगत होता. ते खरं असेलही.

दुसऱ्या दिवशी बंगळूरच्या पार्कमध्ये तो बाकावरच बसून राहिला. कार्यक्रमाप्रमाणे तिलाही बसायचं होतं. ते दोघं बसले होते तिथं आपणही बसायचं, असं तिनं वहीत लिहिलं होतं. पण पंधरा मिनिटं बसून तिला कंटाळा आला. ती उठली आणि मोठ्या पाळण्याच्या रांगेत जाऊन उभी राहिली. पुढं कॉलेजच्या मुली होत्या, त्यांनी आंटी म्हणून तिला आपल्यात घेतलं. पाळणा वर गेला, उलटा झाला, आणि पौर्णिमा सरोदे, वय सेहेचाळीस, लग्नातही जिचा आवाज कोणी ऐकला नव्हता, जीव खाऊन ओरडली. खाली उतरल्यावर ती पुन्हा रांगेत लागली. मग पाण्याच्या घसरगुंड्यांवर गेली, भाड्यानं मिळणारे निळे कपडे घालून. दुपारचे दोन तास तिच्या डोक्यात ना नितेश होता ना ती पिवळ्या ड्रेसवाली. संध्याकाळी बाहेर पडताना हे तिच्या लक्षात आलं आणि तिला थोडा रागच आला. इतक्या लवकर विसरायचं नव्हतं तिला.

परत आल्यावर ज्याचं जे व्हायचं ते झालं. डीलर लोकांच्या संघटनेत नितेश सचिव होता. कोणी काढलं नाही, पण मीटिंगमध्ये तो बोलायला उभा राहिला की माणसं एकमेकांकडं पाहून मिशीत हसायची. जानेवारीत त्यानं स्वतःच पद सोडलं. बाई आणल्याबद्दल त्याला कोणी काही म्हटलं नाही, बायकोनं त्याच्याच हातानं फोटो टाकायला लावला याचं मात्र हसू झालं, आणि तेच त्याला जास्त लागलं. ललितानं मुलीच्या साखरपुड्याचं आमंत्रण घेऊन दोन फेऱ्या मारल्या. पौर्णिमानं तिला चहा दिला, कुंकू लावलं आणि साखरपुड्याला ती गेली नाही. आकांक्षाला सगळं कळलं तेव्हा ती पुण्याहून आली आणि आईवरच चिडली. आधीच भांडून मोकळं व्हायचं होतंस, असं सहा महिने त्याला टोचत बसणं बरं नव्हे, म्हणाली. पौर्णिमानं तिचं ऐकून घेतलं. तू म्हणतेस ते बरोबर असेल, म्हणाली, पण मला बरं वाटलं.

पुढच्या बदल्यांत तिनं अमरावती जिल्हा मागून घेतला. आता ती अमरावतीला दोन खोल्या घेऊन राहते, शाळा चांदूर रेल्वेच्या बाजूला आहे. घटस्फोट घेतला नाही. कोणी विचारलं तर सांगते, कागदावर आहोत. रविवारी नितेश येतो, बाहेरच्या खोलीत बसतो, जेवून पाचच्या बसनं जातो. ती त्याला वाढते. पाणी त्यानं स्वतः घ्यायचं.

या उन्हाळ्यात एकदा हात धुताना त्यानं विचारलं, कुठी जाचं का आपण, दोघं? तिनं टेबल पुसून घेतलं.

“तुमी ठरवा. गाव तुमी शोधा, गाडी तुमी पाहा, काय खाचं, कुठी राह्याचं, सगळं लिहून आणा. मी बहुतेक नाही म्हणीन. पण ठरवा.”

तेव्हापासून तो रविवारी फुलस्केपवर लिहून आणतो. पहिल्या आराखड्यात भुवनेश्वरला गाडी पहाटे पोचत होती आणि हॉटेलची खोली दुपारी बारा वाजता मिळणार होती. तिनं तिथं लाल गोल करून कागद परत दिला. दुसऱ्यात सोमवारी बंद असणारं संग्रहालय सोमवारीच घातलेलं. तिसऱ्यात सगळं बरोबर होतं, फक्त जेवणाचं काही लिहिलं नव्हतं. ती म्हणाली, माणसं उपाशी मारता का. गेल्या रविवारी त्यानं चौथा आणला. पौर्णिमानं तो वाचला, घडी करून खिडकीत ठेवला आणि सांगितलं, पाहू, पुढच्या आठवड्यात सांगते.